दंडार, दंडरासक आणि दूरदेशीचे गोल: साम्य दिसते तेव्हा काय म्हणावे

आपण दोन गोष्टी विचारल्या आहेत. झाडीपट्टीतल्या, म्हणजे पूर्व विदर्भातल्या, आपल्या गावात दंडार हा गोलात करायचा समूहनाच चालतो. त्याच्या मंडळाच्या पत्रकावर ‘हजार वर्षांची परंपरा’ असे छापायचे घाटत आहे, ते खरे धरावे काय, ही पहिली. दुसरी अशी की आपल्या मुलीने फोनवर दाखवलेल्या चित्रफितीत युरोपातील मध्ययुगीन पोशाख केलेली माणसे हात धरून गोलात फिरतात, एक जण गातो आणि बाकीचे झील धरतात. तेव्हा तो नाच आणि आपला नाच एकाच मुळातून निघाले असावेत काय. मी अमरावती जिल्ह्यातील एका खेड्यात चाळीस वर्षे मृदंग वाजवतो आणि शिकवतो. भजन, गोंधळ आणि दंडार या तिन्हींच्या साथीला बसलो आहे, आणि संगीताचे जुने ग्रंथ मिळतील तसे वाचत आलो आहे. त्या आधारावर आधी थेट उत्तर देतो: पत्रकावर तसे छापू नये, आणि दोन्ही नाचांचे मूळ एक आहे असे म्हणण्याइतका पुरावा कोठेही नाही. मात्र हे असे का, ते नीट समजून घेतले तर आपल्या मंडळाला त्या एका ओळीपेक्षा पुष्कळ मोठे काही सांगता येईल, म्हणून सविस्तर लिहितो.

‘हजार वर्षे’ हा मोह कोठून येतो, ते मला ठाऊक आहे. काकतीय राजा गणपतिदेव याच्या गजदळाचा सेनापती जाय याने इ.स. १२५३-५४ च्या सुमारास ‘नृत्तरत्नावली’ हा संस्कृत ग्रंथ लिहिला. गणपतिदेवाची राजधानी वारंगळ, म्हणजे गडचिरोलीच्या टोकावरून गोदावरी ओलांडली की फार लांब नाही. ग्रंथाचे आठ अध्याय आहेत. पहिल्या चारांत मार्गी, म्हणजे शास्त्राने बांधलेले नृत्य आहे, आणि पुढच्या चारांत देशी, म्हणजे त्या त्या मुलखात लोक नाचत होते ते आहे. या देशी भागात रासक, चर्चरी, कोल्लाट अशा नावांबरोबर ‘दंडरासक’ हे नाव येते. हाती दंड घेऊन अनेकांनी मिळून करायचे ते नृत्य. आता दंडरासक आणि दंडार ही दोन नावे शेजारी ठेवली की कोणाच्याही मनात लगेच पूल बांधला जातो. माझ्याही मनात तो बांधला गेला होता.

परंतु तो पूल अधांतरी आहे. जाय सेनापतीच्या ग्रंथापासून आपल्या आजोबांच्या आठवणीपर्यंत मध्ये साडेसहाशे वर्षे जातात, आणि त्या काळात ‘दंडरासक म्हणत होते तेच पुढे दंडार म्हणू लागले’ असे दाखवणारा एकही दुवा माझ्या वाचनात आलेला नाही. दंडार या शब्दाचे नाते कोणी दंडाशी जोडतो, कोणी दंडकारण्याशी. दोन्ही ऐकायला बरे वाटते, आणि नुसत्या कानाला बरे वाटण्यावर इतिहास उभा राहत नाही. शिवाय हाती काठी घेऊन नाचणे ही गोष्ट इतकी साधी आहे की ती अनेक ठिकाणी स्वतंत्रपणे सुचू शकते. गुजरातचा दांडिया, आंध्र-तेलंगणातील कोलाटम, आपल्याकडे भुलाबाईच्या गाण्यांना वाजणाऱ्या टिपऱ्या, यांतले कोण कोणाचे मूल आणि कोण कोणाचा शेजारी हे नुसत्या काठीवरून ठरवता येत नाही.

माझी स्वतःची चूक येथे सांगणे आवश्यक आहे, कारण ती अगदी याच जातीची होती. सुमारे पंचवीस वर्षांपूर्वी एका यात्रेतील कार्यक्रमासाठी मी पत्रक लिहिले आणि त्यात ‘नऊशे वर्षांचा गोंधळ’ असे छापून घेतले. आधार म्हणून माझ्याजवळ नृत्तरत्नावलीतीलच एक कथा होती. ती अशी: कल्याणनगरीत (आजचे कर्नाटकातील बसवकल्याण) भूतमातेचा उत्सव चालू असताना चालुक्य राजा सोमेश्वर याने भिल्लवेशातील एक स्त्री नाचताना आणि गाताना पाहिली, त्याला तो प्रकार इतका आवडला की त्याने त्याला नियमांत बसवून दरबारी रूप दिले, आणि महाराष्ट्रात भिल्लिणीला ‘गोंडिणी’ म्हणतात म्हणून त्याचे नाव गोंडली पडले. आपल्या गोंडांच्या मुलखात राहणाऱ्या माणसाला ही कथा वाचून जे वाटेल ते मला वाटले. पण पुढे ग्रंथातील वर्णन शांतपणे वाचले, तेव्हा तेथे एक नर्तकी गाते आणि नाचते असे दिसले. संबळ, तुणतुणे, दिवटी, चौक, देवीला घातलेली साद, रात्रभर चालणारे आख्यान यांतले काहीच तेथे नाही. नाव जुने असू शकते, एखादा धागा असूही शकतो, परंतु ‘आज मी ज्याला संबळाची साथ ऐकतो तो गोंधळ नऊशे वर्षांपूर्वी असाच होता’ असे म्हणण्याचा अधिकार मला त्या कथेने दिलेला नव्हता. पत्रक वाटून झाले होते. त्यानंतर मी तसे कधी लिहिले नाही.

त्या कथेत खरोखर मोलाचे आहे ते वेगळेच. बाराव्या शतकातील एक राजा रानातल्या बाईचा नाच पाहतो, आणि शंभर-सव्वाशे वर्षांनी दुसऱ्या राज्यातील एक सेनापती ती हकिकत ग्रंथात नोंदवतो, याचा अर्थ देशी कला ही शास्त्राची उतरलेली नक्कल नव्हती. शास्त्रच तिच्याकडे जाऊन शिकत होते. याच सोमेश्वराने (तिसरा सोमेश्वर) इ.स. ११२९ च्या सुमारास ‘मानसोल्लास’ हा ग्रंथ रचला आणि त्यात महाराष्ट्रातील स्त्रिया कांडताना ओवी गातात, अशी स्पष्ट नोंद केली. मराठी लोकगीताची इतकी जुनी आणि इतकी सरळ नोंद दुसरी मला माहीत नाही. जुनेपणाचा अभिमान बाळगायचा असेल, तर आपल्या आया-आज्यांच्या कांडणाच्या आणि जात्यावरच्या ओवीचा बाळगावा. तिथे नाव तेच, भाषा तीच, मुलूख तोच आणि कामही जवळपास तेच आहे. चार खुणा एकत्र जुळतात तेव्हाच आपण हात लावून म्हणू शकतो की ही वस्तू तीच.

दुसरे असे ठिकाण आमच्याच जिल्ह्यातील रिद्धपूर. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात तेथे महानुभाव पंथाच्या गोविंदप्रभूंनी कृष्ण-रुक्मिणीच्या विवाहाचा सोहळा मांडला आणि त्या प्रसंगी त्याच पंथातील कवयित्री महदाईसेने धवळे, म्हणजे लग्नगीते, रचून गाइले. रुक्मिणी ही आमच्या वर्धेकाठच्या कौंडिण्यपूरची, त्यामुळे हे लग्न गावकीतलेच वाटावे असे. त्याच शतकात देवगिरीला यादव राजा सिंघण (राज्यकाळ साधारण १२१० ते १२४७) याच्या दरबारी शार्ङ्गदेवाने ‘संगीतरत्नाकर’ लिहिला. त्याचे घराणे मूळचे काश्मीरचे, आजोबा दक्षिणेत येऊन स्थायिक झालेले, आणि तो स्वतः राज्याच्या हिशेबखात्याचा मुख्य अधिकारी. त्याच्या ग्रंथातील प्रबंधांच्या, म्हणजे बांधलेल्या गीतप्रकारांच्या यादीत ‘ओवी’ आहे आणि ‘धवल’ही आहे. देवगिरीचा पंडित ज्याला गीतप्रकार म्हणून नोंदवतो, तेच गीत थोड्या वर्षांनी वऱ्हाडातील एक स्त्री मराठीत प्रत्यक्ष रचून गाते, असा ग्रंथ आणि गायन यांचा मेळ मध्ययुगाच्या अभ्यासात क्वचित हाती लागतो. एकच उणीव राहते: महदाईसेचे शब्द आपल्याजवळ आहेत, पण ती ज्या चालीत गायली ती चाल नाही.

हाच या साऱ्या विषयाचा कणा आहे. मध्ययुगातील नृत्य-संगीताबद्दल प्रत्येक संस्कृतीने काही ठेवले आणि काही ठेवले नाही, आणि काय ठेवले ते त्या समाजाला काय टिकवायचे होते यावर अवलंबून राहिले. शार्ङ्गदेवाने सात अध्यायांपैकी शेवटचा संपूर्ण अध्याय नर्तनाला दिला. उभे कसे राहावे, पाय कसा उचलावा, मान, डोळे, हात कसे वळावेत, हे त्याने बारकाईने लिहिले. चिदंबरमच्या गोपुरांत नाट्यशास्त्रातील ‘करणे’, म्हणजे नृत्यातील हातापायांच्या ठरावीक हालचाली, शिल्पात कोरली गेली. तंजावरच्या मोठ्या मंदिरातील राजराज चोळाच्या लेखात (अकराव्या शतकाचा आरंभ) देवळाच्या सेवेसाठी आणलेल्या चारशे स्त्रियांची नावे आणि त्यांची घरे कोणत्या ओळीत होती तेसुद्धा आहे. परंतु त्या स्त्रिया कोणत्या सुरावटीवर नाचत होत्या, ते आपल्याला जसेच्या तसे वाजवून दाखवता येत नाही. रत्नाकरात रागांची आणि स्वरांची अक्षरे लिहिलेली आहेत, १२० देशी तालही सांगितले आहेत, तरी लय किती, कण कोठे, श्वास कोठे, हे गुरूच्या तोंडून यायचे असे गृहीत धरलेले होते. ग्रंथ हा शिकवणीला पूरक होता. शिकवणीच्या जागी तो कधीच नव्हता.

युरोपात नेमके उलटे घडले. तेथील मठांत ईश्वरस्तवन सगळीकडे एकसारखे गायले जावे ही गरज होती, म्हणून नवव्या शतकापासून शब्दांच्या वर चढ-उताराच्या खुणा लिहिल्या जाऊ लागल्या. अकराव्या शतकात इटलीतील आरेत्सो गावच्या ग्विदो या साधूने ओळींवर स्वर मांडण्याची पद्धत पक्की केली आणि एका स्तोत्राच्या चरणांच्या पहिल्या अक्षरांवरून ‘उत, रे, मी, फा, सोल, ला’ अशी नावे रूढ केली. आपल्या सा-रे-ग-म शी यांचे साम्य पाहून दोन्ही एक असल्याचे सांगणारे अनेक जण भेटतात. ही नावे स्तोत्राच्या अक्षरांतून आली हे ठाऊक असले, की तो प्रश्न तेथेच मिटतो. या लेखनामुळे तिकडे बाराव्या शतकातील हिल्डेगार्ड या मठाधिपती स्त्रीची गीते आज तिच्याच स्वरांत गाता येतात. लौकिक नाचाच्या थोड्या चालीही उरल्या आहेत. ‘एस्तांपी’ नावाच्या वाद्यचाली तेराव्या-चौदाव्या शतकांच्या हस्तलिखितांत सापडतात. पण पावले कशी टाकायची हे सांगणारा युरोपातील पहिला ग्रंथ दोमेनिको दा पिआचेंझा याचा, तो थेट पंधराव्या शतकाच्या मध्याचा, आणि तोही राजवाड्यातील नाचाचा. थोडक्यात, तिकडे चाल हाती लागते आणि पाऊल निसटते. आपल्याकडे पाऊल लिहिलेले आहे आणि चाल निसटते. म्हणून आपण चित्रफितीत पाहिलेला नाच हा आजच्या माणसांनी चित्रे, गीतांचे शब्द आणि तर्क यांवरून उभा केलेला आहे, ही गोष्ट मुलीला अवश्य सांगावी. तो खोटा नाही, पण तो एक अंदाज आहे.

त्या गोल नाचाचे नाव ‘करोल’. त्याबद्दलची पुष्कळशी माहिती गंमत वाटावी अशा ठिकाणी मिळते, ती म्हणजे त्याला विरोध करणाऱ्यांच्या लेखनात. चर्चच्या सभांनी देवळाच्या आवारातील नाचावर वारंवार बंदी घातली, आणि तेराव्या शतकातील एका धर्मोपदेशकाने तर म्हटले की हा नाच म्हणजे असे वर्तुळ आहे, ज्याच्या मध्यबिंदूवर सैतान उभा असतो. बंदी पुन्हा पुन्हा घालावी लागते याचा अर्थ लोक पुन्हा पुन्हा नाचत होते. इटलीतील सिएना शहराच्या नगरसभेच्या भिंतीवर अंब्रोज्यो लोरेंझेत्ती याने १३३८-३९ मध्ये काढलेल्या चित्रात भर रस्त्यात नऊ जणांची साखळी नाचते आहे, त्यांतील दोघांनी हातांची कमान केली आहे आणि बाकीचे तिच्याखालून जात आहेत, आणि शेजारी एक जण आपल्या खंजिरीसारखे वाद्य वाजवत गातो आहे. खंजिरी भजनाच्या आमच्या मुलखात हे चित्र ज्याला ज्याला मी दाखवले, त्याने आधी त्या वाद्याकडेच बोट दाखवले.

बंदीच्या उलट बाजूचे एक उदाहरण मला सर्वांत जवळचे वाटते. स्पेनमधील मोन्सेरात या डोंगरावरच्या मठात १३९९ च्या सुमाराची एक वही आहे, तिच्या तांबड्या बांधणीमुळे तिला ‘तांबडी पोथी’ म्हणतात. तीत दहा गीते आहेत, आणि ती का लिहिली ते कारणही तेथेच दिले आहे: दूरदूरचे यात्रेकरू रात्री देवळात जागर करताना आणि दिवसा चौकात गाऊ-नाचू इच्छितात, तेव्हा त्यांना शोभेशी, भक्तीची गाणी द्यावीत. काही गीतांवर ‘गोल नाचासाठी’ अशी सूचना आहे. पंढरीच्या वाटेवर पावली खेळणारी दिंडी किंवा शेगावच्या पायी वारीतले रात्रीचे भजन ज्याने पाहिले आहे, त्याला त्या यात्रेकरूंची निकड समजावून सांगावी लागत नाही. दिवसभर चालून आलेल्या माणसाला जागे राहायचे असेल तर पाय आणि गळा दोन्ही कामाला लावावे लागतात.

आता आपल्या दुसऱ्या प्रश्नाचा गाभा. एकाने गायचे आणि सर्वांनी ध्रुपद धरायचे, ही रचना इतक्या ठिकाणी का आढळते? शार्ङ्गदेव प्रबंधाचे भाग सांगताना ‘ध्रुव’ हा भाग अढळ मानतो. मेलापक किंवा आभोग गाळला तरी चालतो, ध्रुव गाळता येत नाही, म्हणूनच त्याचे नाव ध्रुव. आमच्या भजनात टाळकरी आजही ‘ध्रुपद धरा’ म्हणतात, तेव्हा हाच शब्द त्यांच्या ओठी असतो. फ्रान्समधील करोलच्या गीतांत पालुपद येते. मुस्लिम राजवटीतील स्पेनात, ज्याला अंदलूस म्हणत, जजल नावाच्या लोकभाषेतील गीतात ते येते. कॅस्टिल या स्पेनमधील ख्रिस्ती राज्याचा राजा दहावा अल्फोन्सो याच्या तेराव्या शतकातील चारशेहून अधिक मेरीस्तोत्रांतील बहुतेकांत ते येते. तुर्कस्तानातील कोन्याला सूफी कवी जलालुद्दीन रूमी (१२०७-१२७३) यांच्या मागे उभ्या राहिलेल्या मेवलेवी पंथाच्या ‘समा’त, म्हणजे ईश्वरस्मरणाच्या गायन-नर्तनात, आणि दिल्लीला अमीर खुस्रो (१२५३-१३२५) यांच्या काळातील सूफी मैफलीत आवर्तनाचीच शक्ती आहे. त्या समावरही आक्षेप घेतले गेले आणि निजामुद्दीन औलियांना सुलतानापुढील वादसभेत त्याचे समर्थन करावे लागले.

यांतील अंदलूस आणि कॅस्टिल शेजारी होते, अल्फोन्सोच्या पोथीतील चित्रांत दोन्ही समाजांचे वादक दिसतात, तेव्हा तेथे देवाणघेवाण झाली असण्याची शक्यता रास्त आहे, जरी ती किती झाली यावर अभ्यासक अजून भांडतात. देवगिरी आणि फ्रान्स यांच्यात मात्र असा शेजार नव्हता. तेथे कारण माणसाच्या शरीरात शोधावे. शंभर जणांना लांब गाणे पाठ नसते, पण एक ओळ असते. नाचणाऱ्याला दम घ्यायला विसावा हवा असतो आणि गाणाऱ्याला पुढचे कडवे आठवायला वेळ. गोलात प्रत्येकाला प्रत्येकाचा पाय दिसतो, म्हणून नवखाही चुकत-माकत लागतो. हे मी वाचून सांगत नाही. दंडारीला साथ करताना ढोलकी एका क्षणासाठी सैल पडली तर गोलाचा दुसरा काठ आधी विस्कटतो, हे मी हाताने अनुभवले आहे. अशा कामाला अशीच रचना सुचते, मग ते काम मोन्सेरातला असो की तुमच्या झाडीपट्टीत.

खरोखर देश ओलांडून गेले ते कधी कळते? वाद्यांच्या बाबतीत ते कळते, कारण तेथे नाव, आकार आणि चित्र हे तिन्ही साक्षीदार एकत्र येतात. अरबी ‘नक्कारा’ म्हणजे जोडीचे खोलगट नगारे पश्चिमेला गेले आणि धर्मयुद्धांच्या काळात फ्रेंचमध्ये ‘नाकेर’ झाले. तेच पूर्वेला येऊन आपल्या देवळातला नगारा झाले. अरबी ‘अल-ऊद’ पासून युरोपातील ल्यूट हे तंतुवाद्य आणि त्याचे नाव आले, ‘रबाब’ पासून ‘रेबेक’ आले. गावच्या मारुतीच्या देवळात आरतीला नगारा वाजतो, तेव्हा त्याचा एक चुलता फ्रान्समध्ये होऊन गेला, हे विधान मी कोणापुढेही करू शकतो.

आणि एक सावधगिरी. ‘परंपरा अखंड आहे’ एवढ्यानेही जुने रूप तसेच राहिले असे होत नाही. जपानच्या दरबारी संगीताला ‘गागाकू’ म्हणतात. चीनच्या तांग काळातील चाली तेथे हजार वर्षांहून अधिक काळ घराण्यांनी सांभाळल्या. जगात याहून अखंड काही दाखवणे अवघड आहे. तरीही केंब्रिजचे संशोधक लॉरेन्स पिकन यांनी जुन्या वाद्यलेखनाच्या आधारे दाखवले की त्या चाली मुळात आजच्यापेक्षा पुष्कळ जलद वाजत असाव्यात. पिढ्यान्‌पिढ्या आदर वाढत गेला आणि लय संथ होत गेली. माझ्या गुरूंच्या काकड्याची लय आणि माझ्या विद्यार्थ्यांच्या काकड्याची लय यांतला फरक मी एका आयुष्यात ऐकला आहे, त्यामुळे हे मला पटते.

आपल्याकडील शिल्पांबद्दलही हेच. मार्कंडाच्या वैनगंगेकाठच्या देवळांवर नर्तकी आणि वादक कोरलेले आहेत, ते मंडळाच्या मुलांना अवश्य नेऊन दाखवावेत. पण शिल्पातला पाय एका क्षणाला थांबलेला असतो, त्याआधी तो कोठे होता आणि नंतर कोठे पडला हे दगड सांगत नाही; शिवाय शिल्पी पुष्कळदा शास्त्रातील ठरलेली मुद्रा कोरतो, समोरचा गावचा नाच नव्हे. त्या मूर्तीकडे बोट दाखवून ‘ही आमची दंडार’ म्हणू नये.

तेव्हा पत्रकावर काय छापावे? मी असे सुचवतो: ‘आमच्या मंडळात तीन पिढ्यांच्या आठवणीतील दंडार. हाती दंड घेऊन करायच्या समूहनृत्याची नोंद शेजारच्या काकतीय राज्यातील तेराव्या शतकाच्या ग्रंथात आढळते.’ पिढ्यांचा आकडा आपण गावात विचारून खरा घालावा. दोन्ही वाक्ये खरी आहेत, आणि त्यांच्यामध्ये मी ‘म्हणून’ हा शब्द मुद्दाम घातलेला नाही. छापणाऱ्याने तो घालू नये याकडे लक्ष ठेवावे.

याखेरीज एक काम या दिवाळीच्या आधी करावे. मंडळातील सर्वांत वयस्क गड्याला बसवून नव्हे, उभे करून, ढोलकीसह फोनवर चित्रित करावे. कॅमेरा एकदा पायांवर आणि एकदा संपूर्ण गोलावर धरावा. कोणता पाय आधी पडतो, ध्रुपदाच्या कोणत्या अक्षरावर गोल उलटा फिरतो, कडवे संपताना ढोलकी काय वाजवते, आणि हे त्यांना कोणी व कोणत्या गावी शिकवले, हे वहीत तारखेसह लिहून ठेवावे. महदाईसेच्या धवळ्यांची चाल आपल्याजवळ नाही, कारण तेव्हा ती सर्वांनाच येत होती आणि लिहिण्याची गरज कोणाला वाटली नाही.